दादाला बाहेरचं लागलं नव्हतं

आमच्याकडं माणूस बसल्या जागी बिघडला की म्हणतात, त्याला बाहेरचं लागलं. बाहेरचं म्हणजे काय, ते कुणी नीट सांगत नाही. विहिरीवरचं, चिंचेखालचं, तिठ्यावर उतरून टाकलेला नारळ ओलांडला त्याचं, काहीही. शब्द मोठा सोयीचा आहे. बाहेरचं म्हटलं की घरातल्या माणसांकडं कुणी बघत नाही. माझ्या थोरल्या भावाला हा शब्द चिकटून तीस वर्षं झाली. आता तो कानावर पडला की माझ्या तळपायाची आग मस्तकाला जाते.

मी एसटीत कंडक्टर आहे. जुन्नरला राहते आणि जुन्नर-आंबेगावच्या गाड्यांवर वीस वर्षं 'पुढं सरका' म्हणतेय. माझं तोंड फटकळ आहे. ते नोकरीनं झालं की मुळातच तसं होतं, हे नवऱ्याला विचारा. हे सगळं मी रागानंच सांगतेय. शांतपणे सांगायला जमणार नाही, आणि खरं म्हणजे जमवायचंही नाही.

माहेर घोडेगावच्या पुढं, डिंभ्याच्या बाजूला. वडील शाळेत शिक्षक. त्यांना सगळा भाग गुरुजी म्हणतो आणि आम्ही घरात अण्णा म्हणायचो. त्यांच्या हाताखालून गेलेली पोरं आज पोलिसात आहेत, बँकेत आहेत, दोघं-तिघं तहसीलमध्ये आहेत. गाडीत मला ओळखून म्हणतात, 'ताई, गुरुजींचा मार खाल्ला म्हणून माणसात आलो.' मी तिकीट फाडायचे तेव्हाही काही बोलत नव्हते, आता मशीनमधून काढते तेव्हाही बोलत नाही.

गुरुजींचा मुलगा आणि त्याला पाढे येत नाहीत, ही आमच्या घरातली पहिली आपत्ती. दादा तेव्हा बारा वर्षांचा असेल, मी सहा. तो मंद नव्हता. चित्रं सुरेख काढायचा, नांगराचा फाळ कसा बसवतात ते एकदा बघून सांगायचा. पण वडील समोर उभे राहिले की त्याची जीभ टाळ्याला चिकटायची. बाविसाच्या पाढ्याला तो अडखळायचा आणि एकोणतिसाच्या पाढ्यात त्याचं गाडं हमखास रुतायचं. वडील म्हणायचे, हा मुद्दाम करतो.

घराला लागून कांद्याची बराख होती. ज्यांनी पाहिली नसेल त्यांच्यासाठी सांगते. कांदा टिकावा म्हणून बांबूच्या पट्ट्यांची, फटी-फटींची लांबट खोली करतात, वर पत्रा टाकतात. वारा आरपार जातो. आत कांद्याचे दोन ढीग आणि मधे माणूस जेमतेम बसेल एवढी बोळ. वडील शाळेतून आले, चहा झाला, की दादाला त्या बोळीत घालायचे आणि बाहेरून कडी लावायचे. बेपासून तिसापर्यंतचे पाढे न चुकता म्हटले की कडी निघायची. एक चूक झाली की परत बेपासून. दिवेलागण होईपर्यंत हे चालायचं. एप्रिलपासून पुढं पत्रा तापलेला असायचा, आणि पावसाळ्यात खालचा कांदा सडून त्याचं पाणी पायाखाली यायचं. हे एक दिवस नाही, चार वर्षं चाललं. दादा आजही कांदा खात नाही. आमच्या भागात कांदा न खाणं म्हणजे काय, ते आमच्या भागातल्यालाच कळेल. वडील पंगतीत त्याच्या ताटातला कांदा दाखवून म्हणायचे, 'नवाबाचे नखरे बघा.'

आता बिबट्याला पिंजऱ्यात घ्यायचं तरी वनखात्याच्या साहेबाची परवानगी लागते. सरपंचाचं पत्र लागतं, पंचनामा लागतो. पोरगं कोंडायला आमच्याकडं कुणालाच काही विचारावं लागलं नाही.

बराख ओट्याच्या कडेला होती. संध्याकाळी लोक बसायला यायचे. वडील त्यांच्याशी हसत-खेळत बोलायचे आणि बोलता बोलता बराखीकडं मान करून म्हणायचे, 'आमचा थोरला म्हंजे दगड. घाबरतो बघा, आता पाणी सुटलं असंल चड्डीत.' लोक हसायचे. दादा चार हातांवर फटीआड बसलेला असायचा. त्याला सगळं ऐकू जायचं, दिसायचंसुद्धा. मीही हसायचे. मोठी माणसं हसतात तेव्हा पोरं हसतात.

आईचं विचाराल तर आई भाकरी थापत असायची. एकदा ती मधे पडली आणि त्या दिवशी तिलाही मार बसला. नंतर तिनं भाकरीच थापल्या. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो तिचा संसार होता, त्यामुळं तिच्यावर माझा राग टिकत नाही. यायचा तेव्हा येतो.

आणि माझं. वडिलांना लोकांशी बोलायचं असायचं, म्हणून ते मला बराखीसमोर पोत्यावर बसवायचे आणि हातात उजळणी द्यायचे, पाढ्यांची छोटी पुस्तिका असते ती. माझं काम एवढंच, की दादा म्हणेल तो आकडा पुस्तकात बघायचा आणि चुकला की मोठ्यानं 'चुकला' म्हणायचं. वडील मला 'माझी मास्तरीण' म्हणायचे. मला ते फार आवडायचं. एकोणतीस साती दोनशे तीन, तो दोनशे तेरा म्हणायचा, आणि मी उड्या मारून 'चुकला' म्हणायचे. माझ्या आयुष्यातली पहिली नोकरी ती.

दादा विसाव्या वर्षी बिघडला. कॉलेजच्या परीक्षेत अर्धा पेपर टाकून घरी आला आणि म्हणाला, खिडकीबाहेरून कुणीतरी माझं उत्तर चूक आहे म्हणून सांगत होतं, सगळा वर्ग हसत होता. मग तो जेवेना. भिंतीला पाठ लावून बसायला लागला. ओठ सारखे हलायचे. वडील आधी म्हणाले, वेड पांघरून पेडगावला चाललाय, अभ्यास नको म्हणून सोंग आहे. सोंग वर्षभर टिकलं तेव्हा गाव म्हणालं, लई अभ्यास केला, डोक्यात गेला. वडिलांना ते रुचलं असतं, पण अभ्यास कुणी करून घेतला हा प्रश्न त्यात येत होता. मग बाहेरचं निघालं. एका देवऋष्यानं सांगितलं की पोरानं ओढ्याकाठी काहीतरी ओलांडलंय. शाळेत आयुष्यभर विज्ञान शिकवलेल्या माझ्या वडिलांनी ते मान खाली घालून ऐकलं आणि मानलं. मला तेव्हा आश्चर्य वाटलं होतं. आता अजिबात वाटत नाही.

पुढची बारा वर्षं अंगारा, उतारा, गंडा. एका ठिकाणी त्याला मिरच्यांची धुरी दिली, डोळे महिनाभर सुजलेले होते. मग मंचरला डॉक्टरांकडं कुणीतरी नेलं आणि आजाराचं नाव पहिल्यांदा कळलं, स्किझोफ्रेनिया. आईनं ते नाव कधी उच्चारलं नाही, पण गोळ्या वेळेवर दिल्या. वडिलांच्या नकळत ताकाबरोबर द्यायची. दादा शांत असायचा, शेळ्या सांभाळायचा, शेजारच्या पोरांना बैल काढून द्यायचा पाटीवर. दोन वर्षांपूर्वी आई गेली. वडिलांच्या हातात गोळ्यांची पिशवी आली आणि त्यांनी गोळ्याच बंद केल्या. म्हणाले, सुस्त होतो, कामाचा राहत नाही, आणि बाहेरच्याला गोळी काय करणार. दोन महिन्यांत दादा पुन्हा भिंतीला टेकला. या वेळी त्यानं अन्नही सोडलं.

तेव्हा मी रजा टाकली आणि दोघांना घेऊन सरकारी दवाखान्यात गेले. मानसोपचाराच्या डॉक्टर तिथं आठवड्यातून एकदा बसतात. माझ्या पुतणीच्या वयाची मुलगी. तिनं सगळं विचारलं, घरात आणखी कुणाला असा आजार आहे का, डोक्याला मार लागला होता का. मग विचारलं, लहानपणी काही त्रास झाला होता का, मारहाण वगैरे. वडील म्हणाले, 'छे. लाडात वाढलाय. थोरला मुलगा तो.' शुद्ध पुणेरी बोलले, शाळेत बोलायचे तसं. दादा जमिनीकडं बघत होता. डॉक्टरांनी माझ्याकडं पाहिलं.

मी गप्प बसले. दिवसभर पन्नास माणसांशी भांडणारी मी, तिथं माझ्या तोंडातून ब्र निघाला नाही. आपलेच दात आपलेच ओठ, झाकली मूठ सव्वा लाखाची, असल्या म्हणी माणसाच्या हाडात भरलेल्या असतात. पण ते अर्धंच खरं. बराखीचं सांगायचं तर बाहेर पोत्यावर कोण बसलं होतं तेही सांगावं लागलं असतं. डॉक्टरांनी कागदावर लिहिलं, 'बालपण : विशेष काही नाही.' उलटी अक्षरं वाचायची मला सवय आहे.

पुढच्या वेळी वडिलांचे गुडघे दुखत होते म्हणून ते आले नाहीत. मी आणि दादा. गोळ्या पुन्हा सुरू होऊन दोन आठवडे झाले होते, तो थोडं बोलत होता. डॉक्टरांनी त्याला विचारलं, आवाज येतात ते काय म्हणतात. तीस वर्षांत हे त्याला कुणी विचारलं नव्हतं. देवऋष्यांनी विचारलं नाही, वडिलांनी नाही, मी नाही. आम्हाला आवाज घालवायचे होते, ऐकायचे कुणाला होते.

दादा म्हणाला, "दोघं हायेत. एक बाप्या हाय. त्यो लोकांना सांगतो, बघा कसा घाबारला. मग म्हनतो, परत पहिल्यापास्नं."

"आणि दुसरा?"

"ती बारकी पोरगी हाय. ती निस्तं चुकला म्हनते." जरा थांबून तो म्हणाला, "ती वाईट न्हाई. तिला बसवल्यालं असतंय."

माझ्या हातातली फाइल खाली पडली. ती उचलायला वाकले आणि मला वर बघवेना. ओळखतो का तो त्या पोरीला, हे मी त्याला विचारलं नाही, आजही विचारलेलं नाही. मग मी सगळं सांगितलं. बराख, कडी, पाढे, ओट्यावरची माणसं, उजळणी, मास्तरीण. दादा ऐकत होता. मधेच एकदा म्हणाला, 'पत्रा लई तापायचा', जणू मी ती एक गोष्ट विसरले होते.

मी डॉक्टरांना सरळ विचारलं, यानंच झालं का हे? मला हो ऐकायचं होतं. हो म्हणाल्या असत्या तर मी तिथूनच वडिलांना फोन लावला असता. पण त्यांनी तसं म्हटलं नाही. म्हणाल्या, हा आजार एका कारणानं होत नाही. रक्तात काही असतं, मेंदूच्या घडणीत काही असतं, आणि अशी मारझोड न होताही अनेकांना होतो. पण लहानपणी वर्षानुवर्षं भीतीत काढली असतील तर धोका वाढतो, एवढं नक्की. आणि आवाज काय बोलतात, ते पुष्कळदा माणसाच्या आयुष्यातूनच येतं. मग त्या म्हणाल्या, मागचं आता बदलता येणार नाही, पुढचं येईल. गोळ्या बंद होता कामा नयेत. आणि ज्या घरात रोज ओरडा आहे, टोमणे आहेत, तिथं यांचा आजार पुन्हा पुन्हा उलटतो. यांना दुसरीकडं ठेवता येईल का?

मी त्याला माहेरी नेलंच नाही. जुन्नरच्या गाडीत बसवलं. नवऱ्याचं गाड्या दुरुस्तीचं गॅरेज आहे, त्याला फोनवर सांगितलं तर म्हणाला, मागची खोली मोकळी करतो, टायर हलवावे लागतील. त्यानं एवढंच विचारलं, त्यांना पंखा चालतो का.

पहिले काही दिवस दादा संडासला जातानाही विचारायचा, 'जाऊ का?' एक्कावन्न वर्षांचा माणूस. मी आत जाऊन भांडी आपटायचे. नंतर विचारणं कमी झालं. सकाळी पायरीवर बसून मेथी निवडून द्यायचा, एक काडी इकडची तिकडं नाही. सगळं छान झालं असं मी म्हणणार नाही. काही दिवशी त्याचे ओठ हलतात आणि मी खोलीत गेले की तो अंग चोरतो. माझा आवाज मुळात मोठा आहे. घरात हळू बोलायला शिकतेय, या वयात.

वडिलांचे फोन येत होते. त्यांचं म्हणणं एकच, भाकर-तुकडा आपल्या घरी असताना पोरगा लेकीच्या सासरी राहिला, लोक शेण घालतील तोंडात. नवव्या की दहाव्या दिवशी ते स्वतःच आले. दुपारची वेळ, उन्हातून स्टँडवरून चालत. मी दारात उभी राहिले. ते पायरीखाली. दादा माझ्यामागं ओसरीत बसलेला.

"चल रे," ते माझ्या खांद्यावरून बोलले. "पिशवी घे. गाडी हाय तीनची."

दादा अर्धा उठलाही. ते पाहून माझं डोकं फिरलं. मी म्हणाले, तो येणार नाही. डॉक्टरांना मी सगळं सांगितलंय, बराखीचं, कडीचं, आणि तुम्ही लाडात वाढला म्हणालात तेही खोटं आहे म्हणून सांगितलंय. शेजारची बाई दारात आली, तिच्यासमोर सांगितलं. गोळ्या बंद केल्या ते सांगितलं. त्याला बाहेरचं लागलेलं नाही, ते आपल्या घरातलं आहे, हेही सांगितलं.

वडिलांचा आवाज चढला नाही. शाळेत चढवायची गरज पडत नसे, तसा.

"मी चारशे पोरांना मारलं आसंल. साहेब झाली ती. आन तू? त्याच घरात वाढली ना? मग तुला का न्हाई काय झालं?"

"मला कोंडलं न्हवतं, अण्णा. मला पोत्यावर बसवलं व्हतं."

"आन ती चारशे?"

"ती मार खाऊन घरी जायची. दादाचं घर तुमीच व्हता."

ते माझ्याकडं बघत राहिले. त्यांना काही कळलं असेल असं मला वाटलं, खोटं कशाला बोलू, क्षणभर आशा वाटली. मग त्यांनी मान हलवली आणि पुन्हा दादाला म्हणाले, "ऐकू येत न्हाई का? चल."

दादा म्हणाला, "नाय."

मोठ्यानं नाही, मेथीची जुडी हातात धरून, खाली बघत. पण म्हणाला. जन्मात पहिल्यांदा त्या माणसासमोर हा शब्द त्याच्या तोंडून निघाला आणि मला वाटलं, आता काहीतरी कोसळणार. काही कोसळलं नाही. समोर कुणीतरी मोटरसायकल सुरू करत होतं, ती सुरू होत नव्हती.

वडील पायरीवर बसले. अठ्ठ्याहत्तर वर्षांचे, घामानं शर्ट पाठीला चिकटलेला, धाप लागलेली. आपल्याकडं दारात आलेल्या वैऱ्यालाही पाणी विचारतात. मी विचारलं नाही. पुढं सगळ्या भावकीत झालं, लेकीनं बापाला पाण्यालासुद्धा विचारलं नाही. झालं ते खरंच झालं. मी दारात हाताची घडी घालून उभी होते आणि ते उन्हात बसले आहेत याचं मला बरं वाटत होतं.

माझ्या बाजूनं कुणीतरी गेलं. दादा होता. त्यानं आतून पाण्याचा तांब्या आणला होता, वर फुलपात्र उपडं घातलेलं. वाकून त्यानं वडिलांपुढं धरलं. पाणी सांडत होतं. वडील दोन फुलपात्रं प्याले. त्याच्याकडं त्यांनी पाहिलं नाही. तो तसाच उभा होता, आणखी लागेल म्हणून. मला त्याचाही राग आला, इतका की हातातून तांब्या हिसकावून घ्यावा.

वडिलांनी तोंड पुसलं, गुडघ्यावर हात टेकून उठले आणि मला म्हणाले, "बघ. येडा आसून त्याला कळतं. तुलाच वळण न्हाई लागलं."

आयुष्यात पहिल्यांदा त्यांचं बोलणं मला तंतोतंत पटलं. त्यांना म्हटलंही तसं. नाही लागलं, अण्णा. आता निघा, तीनची गाडी चुकेल.